अब्बांचा डोंगर

रिक्षा तळोज्याच्या फाटकापाशी थांबली, तशी रमाबाईंनी पिशवीतून खजुराचा डबा काढून मांडीवर घेतला आणि त्यावरची किमतीची चिठ्ठी नखाने खरवडायला सुरुवात केली. अर्धी निघाली, अर्धी चिकटून राहिली. मस्कतहून आणलेला खजूर, आणि तो न्यायचा कुणाकडे, तर ज्याने आयुष्याची बावीस वर्षं आखातात काढली त्याच्याकडे. मिठागरात राहणाऱ्याला मीठ नेऊन द्यावं तसंच हे. पण रिकाम्या हाताने जाववत नव्हतं आणि पेढे न्यावेत असं कारण नव्हतं.

"मशिदीजवल सोडू का आतमंदी जायचाय?" रिक्षावाल्याने मागे न बघताच विचारलं.

"कमरुद्दीन मुकादम म्हणून आहेत. ठाऊक आहेत?"

"ओमानवाले चाचा? त्यांना कोन वलकत नाय!"

रमाबाईंनी चिठ्ठीचा उरलेला तुकडा तसाच सोडून दिला. हवेत कारखान्यांचा तो आंबूस, घशाला धरणारा वास होता. त्यांनी पदर नाकाला लावला. खरं तर वासाचं निमित्तच. तोंड झाकावंसं त्यांना सकाळपासून वाटत होतं.

मार्चच्या अखेरीला त्या मुलाकडे, विश्वजीतकडे, मस्कतला गेल्या होत्या. निवृत्त होऊन सहा वर्षं झाल्यावर पहिल्यांदा देशाबाहेर. एका शुक्रवारी विश्वजीतने गाडी काढली. दीड-दोन तास सरळसोट रस्ता, आणि मग समोर एकदम भिंतच उभी राहिली. दगड, नुसते दगड. करडे, तपकिरी, जांभळट, कुणी ओलं फडकं पिळून ठेवावं तसे पिळलेले. पायथ्याशी पोलिसांची चौकी होती. साधी गाडी वर सोडत नाहीत म्हणे, चारही चाकं ओढणारी लागते. गाडी वळणं घेत घेत वर गेली तर डोंगराच्या पोटाला पायऱ्या-पायऱ्यांची हिरवी शेतं बिलगलेली, आणि त्यांत गुलाब. बायका-माणसं टोपल्या भरून पाकळ्या तोडत होती.

"कोणता रे हा डोंगर?" रमाबाईंनी विचारलं.

"जबल अखदर. हिरवा डोंगर असा अर्थ. पलीकडे याच्याहून उंच शिखर आहे. आपल्या कळसूबाईच्या डोक्यावर दुसरी कळसूबाई उभी केली तर होईल, जवळजवळ तेवढं. पण तुला काय सांगायचं आई, तुला माहीतच असणार."

तीस वर्षं भूगोल शिकवलेल्या बाईला माहीत असणारच. रमाबाई दिवसभर जेवल्या नाहीत. सून अनुया म्हणाली, "आईंना उंची बाधली बहुतेक." त्या म्हणाल्या, "हो गं, उंचीच."

पनवेलला परतल्यावर बॅग न उघडता त्यांनी आधी नकाशांचं पुस्तक काढलं. त्यांचं स्वतःचं, नोकरीला लागल्या त्या वर्षी घेतलेलं. हिमालयाचं पान हाताळून मऊ पडलेलं, अँडीजचं सुटं झालेलं. अरबस्तानाचं पान मात्र नव्या नोटेसारखं कडक होतं. उजव्या कोपऱ्यात, समुद्राच्या कडेने, नखाएवढी तपकिरी कोर होती आणि तिच्यावर बारीक अक्षरांत नाव होतं. छत्तीस वर्षं ते त्यांच्याच कपाटात होतं.

आणि ते नाव पेपरात लिहिणारी मुलगी नववी 'ब'मध्ये, तिसऱ्या बाकावर होती.

चाचणीचे पेपर वाटण्याची रमाबाईंची एक पद्धत होती. गठ्ठा टेबलावर ठेवायचा, चष्मा पुसायचा आणि म्हणायचं, "आधी गंमत." मग चार-पाच चुकलेली उत्तरं नाव घेऊन, रंगवून वाचायची. मुलं त्याची वाट बघत. एखाद्याने गंगा अरबी समुद्राला नेऊन सोडलेली असे, एखाद्याने आल्प्स आफ्रिकेत नेऊन बसवलेला असे. वर्ग हसे, चूक पक्की लक्षात राहे, पुन्हा कुणी करत नसे. शिकवण्याची ही आपली खास हातोटी आहे असं रमाबाईंना वाटे. इतर बाईही म्हणत, "कर्णिकबाईंच्या तासाला काय हशा असतो!"

त्या दिवशी प्रश्न होता, जगातील चार पर्वतरांगा व त्यांचे खंड लिहा. हिबा मुकादमने तीन नेहमीच्या लिहिल्या होत्या, आणि चौथी: जबल अखदर, ओमान, आशिया. पुढे कंसात: येथे गुलाबाची शेती होते.

"वाळवंटात हिरवा डोंगर!" रमाबाईंनी सूर लावला. "आणि वर गुलाब! अगं हिबा, तिकडे वाळूचे ढिगारे असतात. त्यांना पर्वत म्हणायचं तर उंटाच्या पाठीलाही म्हणावं लागेल."

वर्ग हसून कोसळला. हिबा उभी राहिली. तिचे कान लाल झाले होते.

"बाई, माझे अब्बा तिथे रस्ता बांधतायत. त्यांनी सांगितलं."

इथे थांबता आलं असतं. पण वर्ग अजून हसत होता आणि हसणाऱ्या वर्गासमोर रमाबाईंना थांबता येत नसे.

"अब्बांना म्हणावं, तुम्ही रस्ता बांधा, भूगोल बाईंवर सोडा."

पुढे दहावी होईपर्यंत मुलं हिबाला 'उंट' म्हणत. रमाबाईंनी जिन्यात एकदा ते ऐकलंही होतं. त्यांना घाई होती.

केतन म्हणून त्याच वर्गातला एक मुलगा अजून संपर्कात होता. त्याच्याकडून पत्ता मिळाला. मुकादमांचं घर दुसऱ्या मजल्यावर होतं. दार उघडंच होतं, जाळीचा पडदा वाऱ्याने आत-बाहेर होत होता. आत खुर्चीत एक किडकिडीत म्हातारा गुडघ्याला पट्टी बांधून बसला होता.

"मी रमा कर्णिक. हिबाला शाळेत भूगोल शिकवायचे."

म्हातारा गुडघा विसरून उठू लागला. "हिबाच्या बाई? या, या! आगो सुगरा, बघ कोन आलंय! बाई आल्यात हिबाच्या!"

सुगराबी ओले हात ओढणीला पुसत बाहेर आल्या. खुर्ची पुसली गेली, पंख्याचा वेग वाढला. हिबा आता रोडपालीला राहते, रक्त तपासायच्या लॅबमध्ये नोकरीला आहे, दर रविवारी येते, आता येईलच, हे सगळं रमाबाई बसेपर्यंत सांगून झालं.

कमरुद्दीननी खजुराचा डबा उघडून एक खजूर बोटांत दाबून पाहिला. "खलास जातीचा आहे हा. चांगला आणलात. कुठून घेतलात?"

"मस्कतहून. मुलगा असतो तिकडे."

"अस्सं?" ते पुढे झुकले. पण तेवढ्यात सुगराबींनी सरबताचा पेला रमाबाईंच्या हातात दिला आणि विषय आपल्याकडे ओढून घेतला.

"जेवूनच जायचंय हां बाई. कोलंबी केलीय. तो मासळीवाला म्हणतो, करंज्याच्या बंदरातून आत्ताच आली, टोपलीत पण उड्या मारते. मी म्हटलं, जा रे, अब्बांचा डोंगर नको सांगूस!"

"अब्बांचा डोंगर?" रमाबाईंनी पेला ओठांपाशी नेला होता, तो तिथेच राहिला.

"ते आमच्यात म्हणतात." सुगराबी हसल्या. "कोनी फेकायला लागला की म्हणायचं, अब्बांचा डोंगर. यांनी लेकीला सांगितलेलं, ओमानला डोंगर हाय, वर गुलाब लागतात. पोरगी बिचारी लहान, शाळेत जाऊन लिहून आली! नंतर हेच म्हणाले, मस्करी केली होती. आता तर जावईबापू पण म्हणतात. तिकडे रोडपालीला सगळी बिल्डिंग म्हणते!"

कमरुद्दीनही हसले. हसताना ते गुडघ्याची पट्टी नीट करत होते. ती नीटच होती.

कुकरची शिट्टी झाली, सुगराबी आत गेल्या. ज्यावर घरात एकदा हसून झालंय ते खरं की खोटं, हे कुणी फोनवर शोधायला जात नाही. रमाबाईंनी पेला खाली ठेवला, मोबाइल काढला, डोंगरावर जाताना काढलेला रस्त्याचा फोटो शोधला आणि तो कमरुद्दीनच्या हातात दिला.

त्यांनी मोबाइल आधी लांब धरला, मग जवळ. मग दोन बोटांनी फोटो मोठा केला, सरकवला, पुन्हा मोठा केला.

"ही सासू," ते पुटपुटले.

"काय?"

"हे वळण. आमी सासू म्हणायचो याला." त्यांचा आवाज एकदम पंधरा-वीस वर्षं मागे गेला. "मी पाण्याचा टँकर चालवायचो, रस्त्याच्या कामावर. इथं टँकर एका दमात फिरायचाच नाय. मागं घ्या, पुढं घ्या, परत मागं घ्या, चार वेळा सलाम करा, तेव्हा सोडायची. एका बाजूला कडा, खाली बघायचं नाय. त्या पुढच्या वळणावर एक केरळचा पोरगा होता आमचा…" ते थांबले. स्वयंपाकघराकडे नजर टाकून त्यांनी आवाज खाली आणला. "तुमी वर गेला होता? गुलाब बघितलात?"

"बघितले."

"हां," कमरुद्दीन म्हणाले. नुसतंच, "हां."

रमाबाईंनी घरून निघताना वाक्यं जुळवून आणली होती. "मी तिला वर्गात…" त्यांनी सुरुवात केली.

"ठाऊक आहे मला."

"मग तुम्ही मस्करी केली असं का सांगितलंत? खरं होतं ना?"

कमरुद्दीननी मोबाइल परत त्यांच्या हातात दिला, अगदी जपून, काचेची वस्तू द्यावी तसा.

"तिनं त्या दिवशी मिस्ड कॉल दिला. मी फोन केला तर रडायलाच लागली. म्हणाली, अब्बा, डोंगर हाय का नाय ते खरं सांगा, मी बाईंना सांगते. मी कँपच्या बाहेर उभा होतो, समोरच दिसत होता डोंगर." ते किंचित हसले. "मी विचार केला, बाई, मी दोन वर्षांतून एकदा घरी जाणारा माणूस. तिला तुमच्यासमोर रोज बसायचंय, दहावी होईपर्यंत. बाप खोटा निघाला तर दोन वर्षांतून एकदा खोटा. बाई खोट्या निघाल्या तर मग रोज काय शिकायची ती? म्हणून म्हटलं, नाय गो, चेष्टा केली तुझी."

रमाबाईंच्या हातातला मोबाइल आपोआप विझला.

"पयलं पयलं लागायचं," कमरुद्दीन म्हणाले. "आता सवय झाली. वाईट नाय हसत कोणी. आणि डोंगराचं काय घेऊन बसलात! आपली उलव्याची टेकडी बघा, विमानतळासाठी कापली. उद्या शाळेतली पोरं म्हणतील, इथं टेकडी होती? कायतरीच!"

"मी हिबाला सांगायलाच आलेय."

"नका सांगू. काय मिळायचंय? पोरगी अजून तुमचं नाव घेते. राहू द्या तिच्याकडे तेवढं."

खाली स्कूटर थांबल्याचा आवाज आला. जिन्यावर पावलं वाजली आणि हिबा हेल्मेट काखेत धरून आत आली. रमाबाईंना बघून ती दारातच उभी राहिली. तिचा चेहरा असा काही उजळला की रमाबाईंना खाली बघावं लागलं.

"बाई! सलाम बाई! अम्मी, बाई कधी आल्या? मला फोन नाही करायचा?" ती शेजारच्या स्टुलावर बसली. "बाई, अजून पाठ आहे हां. रॉकी उत्तर अमेरिकेत, अँडीज दक्षिणेत, ॲटलास आफ्रिकेत, उरल आशिया-युरोपच्या शिवेवर! घ्या परीक्षा!"

"अगं, आता कसली परीक्षा," रमाबाई म्हणाल्या.

"नाही, खरंच. तुम्ही मला एक सवय लावलीत. पुस्तकात बघितल्याशिवाय काही मानायचं नाही. तेव्हा रडले होते मी, पण चांगलंच झालं. आता लॅबमध्ये दोनदा तपासल्याशिवाय मी रिपोर्ट सोडत नाही. घरी तर अब्बांची सोयच नाही. त्यांनी काही सांगायला तोंड उघडलं की मी म्हणते, पुरावा? बिचारे हल्ली काही सांगतच नाहीत."

ती हसली. कमरुद्दीनही हसले, एक श्वास उशिरा.

"बाईंना लांब जायचंय," ते म्हणाले. "ऊन वाढायच्या आत रिक्षा बघू दे त्यांना." आणि त्यांनी रमाबाईंकडे पाहून मान हलवली. अगदी थोडी. जा, सुटा, असं सांगणारी.

दार उघडं होतं. पडदा आत-बाहेर होत होता. उठायचं, पिशवी घ्यायची, "सुखी राहा" म्हणायचं. मागे सगळं जसंच्या तसं राहणार होतं, हिबाच्या तोंडून निघालेलं ते 'बाई'सुद्धा. रमाबाई उठल्याही. मग पुन्हा बसल्या. त्यांनी मोबाइल सुरू केला आणि हिबासमोर धरला.

"हिबा, तुझं उत्तर बरोबर होतं."

"कुठलं, बाई?"

"चौथं. हा जबल अखदर. मी मागच्या महिन्यात तिथे उभी होते. वर गुलाब आहेत. हा रस्ता आहे ना, यावरच तुझे अब्बा टँकर चालवत होते. ते तुझ्याशी खोटं एकदाच बोलले, मस्करी केली म्हणाले तेव्हा. आणि ते माझ्यामुळे." त्यांनी मोबाइल हिबाच्या हातात दिला. "मी पुस्तक उघडलंच नव्हतं गं. पुस्तकात होतं. पहिल्यापासून होतं. मला वाटलं, तुमच्या घरून आलेलं काय बरोबर असणार."

हे शेवटचं वाक्य त्यांनी घरून जुळवून आणलेलं नव्हतं.

सुगराबी स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. त्यांच्या हातातल्या झाऱ्यातून तेलाचा थेंब फरशीवर पडला, तो त्यांनी पुसला नाही. हिबा फोटोकडे बघत होती. तिने तो मोठा केला नाही, सरकवला नाही.

"अब्बा?"

"जाऊ दे गो."

रमाबाईंनी दोन्हीची तयारी ठेवली होती. "असू दे बाई, जुनी गोष्ट" असं ती म्हणाली असती, तर काय म्हणायचं ते ठरलं होतं. ती चिडली असती, तरी काय म्हणायचं ते ठरलं होतं. हिबाने दोन्हींतलं काही केलं नाही. तिने मोबाइल टेबलावर ठेवला. रमाबाईंकडे तिने पाहिलंच नाही. रागाने नव्हे, त्या तिथे आहेत हे तिच्या ध्यानातूनच गेलं होतं. ती उठली, बापाच्या खुर्चीपाशी गेली आणि फरशीवर मांडी घालून बसली.

"थंडी असायची, अब्बा? एवढ्या उंचावर?"

कमरुद्दीननी आधी मान वर करून रमाबाईंकडे पाहिलं. बोलू का, असं एखादं मूल बाकावरून बाईंकडे बघतं, तसं. त्या नजरेपुढे रमाबाईंना बसवेना. त्यांनी घाईघाईने मान हलवली, मोबाइल उचलला, पिशवी घेतली आणि दाराबाहेर आल्या. सुगराबींनी "बाई, कोलंबी…" म्हणून हात पुढे केला होता, पण त्यांचं लक्षही खुर्चीकडेच होतं.

बाहेर त्यांना चप्पल सापडायला वेळ लागला. कठड्याला धरून त्या सावकाश एकेक पायरी उतरू लागल्या. वरून कमरुद्दीनचा आवाज येत होता, आधी अडखळत, बरेच दिवस न चालवलेल्या गाडीसारखा.

"थंडी? थंडी कसली विचारतेस! डिसेंबरात सकाळी टँकरचा नळ उघडला तर पाणीच यायचं नाय. आत बर्फ. मग आमी काय करायचो, खाली जाळ करायचा, जपून हां, डिझेलची गाडी, आणि सगळे गोल करून…"

आवाज थांबला. रमाबाईही पहिल्या मजल्याच्या वळणावर थांबल्या. आता हिबा नेहमीसारखा पुरावा मागेल, असं बहुधा दोघांनाही वाटलं.

"मग?" हिबा म्हणाली.